लिहिलेल्यावर विश्वास कधी बसला?

प्रिय अभ्यासकास,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या प्रबंधाचा आराखडा वाचला. वाचन भरपूर झालेलं आहे, टिपणंही नेटकी आहेत. पण प्रकरणांची मांडणी पाहिली की डोळ्यांसमोर एक शिडी उभी राहते: तळाशी बोलणं, मग खुणा, मग चित्रं, मग अक्षरं आणि सगळ्यात वरच्या पायरीवर छापील पुस्तक हातात घेतलेला माणूस. ही शिडी आधी मोडून टाक. पुरावे जवळून पाहशील तेव्हा लोक एकाच वेळी दोन-दोन पायऱ्यांवर उभे दिसतील. काही वर चढून पुन्हा खाली उतरलेले दिसतील, आणि खाली उतरल्यावर त्यांच्या हातून फार मोठं काम झालेलं दिसेल.

ग्रीकांचंच घे. इ.स.पू. चौदाव्या-तेराव्या शतकांत त्यांच्या राजवाड्यांमध्ये मातीच्या पाट्यांवर लिहिलं जात होतं. 'लिनिअर बी' नावाची ती लिपी मायकेल व्हेंट्रिसने १९५२मध्ये उलगडली. पाट्यांवर काय निघालं? लोकर किती, तेल किती, रथाची चाकं किती, कोणाला किती शिधा. कवितेची एक ओळ नाही. इ.स.पू. १२००च्या सुमारास ते राजवाडे जळाले, कारकून गेले आणि त्यांच्याबरोबर लिपीही गेली. पुढची चारेकशे वर्षं ग्रीकांना लिहिता येत नव्हतं. होमरच्या नावावर असलेली महाकाव्यं ज्या गायकीतून आली, ती याच काळात पिकली. इ.स.पू. आठव्या शतकाच्या आसपास फिनिशियन अक्षरं उसनी घेऊन ग्रीक पुन्हा लिहायला लागले, तेव्हा काव्य आधीच तयार होतं.

मेसोपोटेमियातही कथा फारशी वेगळी नाही. उरुकच्या सर्वांत जुन्या पाट्या इ.स.पू. ३३००च्या आसपासच्या. त्यांतला बहुतेक भाग सातू, मेंढ्या, मद्य आणि मजुरांचा शिधा यांचा हिशेब. उरलेल्या शिकाऊ लेखनिकांसाठीच्या शब्दयाद्या. स्तोत्रं, म्हणी, उपदेश मातीवर यायला आणखी सहा-सातशे वर्षं गेली. माझं मत विचारशील तर त्यांना देवांच्या गोष्टी विसरल्या जाण्याची भीती नव्हती. मेंढ्यांच्या आकड्याची होती.

म्हणून 'लिपी कधी आली' हा प्रश्न पहिल्या पानावरून काढ. त्याच्या जागी हा घाल: एक जण म्हणतो मला आठवतंय, दुसरा म्हणतो माझ्याकडे लिहिलेलं आहे; अशा वेळी त्या समाजात कोणाचं खरं धरलं जाई, आणि ते कधी उलटलं? लिपी येणं आणि हा विश्वास उलटणं यांत शेकडो वर्षं जातात, कधी हजारो. प्रबंध त्या मधल्या काळावर लिही. बाकीचं इतरांनी लिहून ठेवलेलं आहे.

या प्रश्नाला सर्वांत चांगलं उत्तर वैदिक परंपरा देते, आणि नेमकं तेच तुझ्या आराखड्यात एका परिच्छेदात उरकलेलं आहे. मंत्र जसाच्या तसा टिकावा म्हणून तिथे जी यंत्रणा उभारली गेली ती नीट समजून घे. संहितापाठात शब्द संधी होऊन येतात. पदपाठात ते सुटे म्हणायचे. क्रमपाठात दोन-दोनच्या जोड्या. जटापाठात जोडी सरळ, उलट, पुन्हा सरळ. आणि घनपाठात एक-दोन, दोन-एक, एक-दोन-तीन, तीन-दोन-एक, एक-दोन-तीन असं पुढे सरकत जायचं. एखादा स्वर घसरला, एखादं पद गळलं, तर ते दुसऱ्या पाठात उघडं पडतं. आजच्या भाषेत सांगायचं तर चूक पकडण्याची सोय पाठांतरातच गुंफलेली आहे. आणि लिहिणं माहीत झाल्यावरही ही माणसं त्याच्याकडे कसं पाहत? 'पाणिनीय शिक्षा' या उच्चारशास्त्राच्या ग्रंथात सहा अधम पाठक सांगितले आहेत. हेल काढून गाणारा, घाईने म्हणणारा, डोकं हलवणारा, अर्थ न जाणणारा, बारीक आवाजाचा, आणि त्यांच्याच पंक्तीत लिखितपाठक, म्हणजे लिहिलेलं पाहून म्हणणारा. हा श्लोक तुझ्या प्रबंधात हवाच. इथे पोथी आहे, वाचणाराही आहे, पण अधिकार गुरूच्या मुखाचा आहे.

मग एवढा ठाम विरोध सैल कधी होतो? मध्य आशियातून आलेल्या अल् बिरूनी या विद्वानाने १०३०च्या सुमारास नोंदवलंय की ब्राह्मण वेद लिहू देत नाहीत, पण त्याच्या काळाच्या थोडं आधी काश्मीरच्या वसुक्र नावाच्या विद्वानाने तो लिहून काढला, कारण वेद विसरला जाईल अशी त्याला धास्ती वाटली. ही धास्ती इतरत्र शोध, जागोजागी सापडेल. श्रीलंकेत भिक्खूंनी शतकानुशतकं मुखोद्गत ठेवलेला पाली त्रिपिटक इ.स.पू. पहिल्या शतकात, वट्टगामणी राजाच्या काळात लिहिला गेला. त्या पिढीने परचक्र आणि भीषण दुष्काळ पाहिला होता. इस्लामी परंपरा सांगते की पैगंबरांच्या निधनानंतर थोड्याच काळात यमामाच्या लढाईत कुराण मुखोद्गत असलेले अनेक जण पडले, तेव्हा पहिले खलिफा अबू बक्र यांनी झैद इब्न साबितवर संकलनाचं काम सोपवलं. त्याने खजुराच्या झावळ्यांवरून, दगडांवरून आणि माणसांच्या हृदयांतून ते गोळा केलं, असं त्या वृत्तांतात आहे. दगड आणि हृदय एकाच यादीत! म्हणणारी माणसं मरायला लागली की लिहिण्याला मान मिळतो. लिपीची सोय त्याआधीपासूनच असते.

याच्या उलटंही घडतं. म्हाइंभटांनी तेराव्या शतकात चक्रधरांच्या आठवणी ज्यांच्या ज्यांच्याकडे होत्या त्यांना गाठून, पडताळून लीळाचरित्र सिद्ध केलं. पुढच्या धामधुमीत मूळ पोथी गेली आणि महानुभावांनी ते पुन्हा उभं केलं ते पाठ असलेल्या माणसांच्या आधारावर. कोणाच्या आठवणीत काय वेगळं होतं, तेही पाठांमध्ये नोंदवलेलं सापडतं. कागद हरवला, माणसांनी भरून काढला. आणि कागद हरवला नाही तरी तो स्थिर राहतोच असं समजू नकोस. ज्ञानेश्वरीच्या प्रती एकमेकींपासून इतक्या दूर गेल्या होत्या की तीनशे वर्षांनी, शके १५०६मध्ये, एकनाथांना ती प्रतिशुद्ध करावी लागली. घनपाठीच्या तोंडी जे हललं नाही ते नकलनविसांच्या हाती हललं. 'मौखिक म्हणजे बदलतं आणि लिखित म्हणजे स्थिर' हे तुझं वाक्य मी खोडलंय, ते याचसाठी.

ते वाक्य तू कुठून उचललंस तेही कळतं. होमरचा अमेरिकन अभ्यासक मिल्मन पॅरी याने १९३३ ते १९३५ या काळात युगोस्लाव्हियातल्या गायकांची गाणी तबकड्यांवर घेतली. अव्दो मेजेदोविच नावाच्या निरक्षर गायकाने त्याला बारा हजारांहून अधिक ओळींचं एक काव्य सांगितलं. ते पाठ केलेलं नव्हतं. ठरलेली पदं, ठरलेले प्रसंग आणि वृत्ताची पकड यांच्या जोरावर ते गाता गाता रचलं जात होतं. गंमत अशी की हे गायक छातीठोकपणे सांगत की आम्ही शब्दन् शब्द तोच गातो, आणि ध्वनिमुद्रणं दाखवत की तसं नाही. ते खोटं बोलत नव्हते. 'तेच गाणं' याचा त्यांचा हिशेब वेगळा होता: वीर तोच, लग्न तेच, लढाई तीच, मग गाणं तेच. पॅरीचा सहकारी आल्बर्ट लॉर्ड याने पुढे आणखी एक गोष्ट टिपली. छापील गाण्यांची पुस्तकं पाठ करायला लागलेली तरुण मंडळी रचण्याची ताकद गमावत होती, कारण आता 'बरोबर पाठ' नावाची वस्तू अस्तित्वात आली होती. पॅरीचं काम मोठंच आहे. पण त्यावरून सगळी मौखिकता अशीच असते असं ठरवू नकोस. वेदपाठक समोर बसलेला आहे.

आता जरा रोमँटिक बाजूला आवर घालतो, कारण तिसऱ्या प्रकरणात तू स्मृतीच्या फारच प्रेमात दिसतेयस की काय असं वाटावं अशी भाषा आहे. घानाच्या उत्तरेतल्या गोंजा राज्याचं उदाहरण वाच. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला तिथली आख्यायिका नोंदवली गेली तेव्हा राज्याचा संस्थापक जाक्पा याला सात मुलगे होते आणि राज्याचे विभागही सात होते. साठ वर्षांनी पुन्हा नोंद झाली. दरम्यान दोन विभाग नाहीसे झाले होते, आणि जाक्पाला पाचच मुलगे उरले होते. कोणी कट केला नव्हता. जे आज लागत नाही ते आठवणीतून अलगद गळतं, आणि गळाल्याचा पत्ताही लागत नाही. जुना कागद नसता तर हे कोणालाच कळलं नसतं.

दुसऱ्या टोकाचा मोह त्याहून वाईट: लिहिता-वाचता येणाऱ्यालाच तर्क करता येतो, हा. सोव्हिएत मानसशास्त्रज्ञ आलेक्सांद्र लुरियाने १९३१-३२मध्ये उझबेकिस्तानातल्या निरक्षर शेतकऱ्यांना विचारलं होतं: उत्तरेत बर्फ असतो तिथली सगळी अस्वलं पांढरी असतात, नोव्हाया झेमल्या उत्तरेत आहे, तिथली अस्वलं कोणत्या रंगाची? उत्तराचा मथितार्थ असा आला, की मी काळं अस्वल पाहिलंय, दुसरं पाहिलेलं नाही, जे पाहिलं नाही त्याबद्दल बोलत नाही. याला अनेकांनी तर्काचा अभाव म्हटलं. मला तर त्यात साक्षीदाराची शिस्त दिसते. न पाहिलेल्या गोष्टीची ग्वाही द्यायला हा माणूस तयार नाही, मग प्रश्न विचारणारा कितीही शिकलेला असो. शिवाय लायबेरियातल्या वाय लोकांमध्ये सिल्व्हिया स्क्रिब्नर आणि मायकेल कोल यांनी केलेला अभ्यास, १९८१मध्ये प्रसिद्ध झालेला, अवश्य बघ. वाय लिपी एकोणिसाव्या शतकात तिथेच घडली आणि लोक ती शाळेत न जाता एकमेकांकडून शिकत. म्हणून लिहिता येण्याचा परिणाम आणि शाळेचा परिणाम वेगळे काढून पाहता आले. लुरियासारख्या तर्काच्या प्रश्नांत फरक दिसला तो शाळेमुळे. नुसत्या लिपीने विचार करण्याची सर्वसाधारण पद्धत बदललेली दिसली नाही.

इंग्लंडच्या जमिनींवर तुझ्याकडे काहीच नाही, आणि विश्वास उलटताना पाहायला ती जागा उत्तम आहे. तिथे जमीन देताना मातीचं ढेकूळ किंवा सुरी हातात देत. दस्तऐवज असला तरी कधी सुरी त्याला बांधून ठेवत, कारण लोकांनी पाहिलेली कृती हा खरा व्यवहार आणि कागद त्याची जोड. तेराव्या शतकात राजा पहिला एडवर्ड याने सरदारांना विचारायला सुरुवात केली की तुमचे हक्क कोणत्या आधारावर? अनेकांकडे दाखवायला कागदच नव्हता, कारण त्यांच्या पूर्वजांना कधी लागला नव्हता. तडजोड निघाली तीही बघण्यासारखी. कायद्याने स्मृतीला तारीख घालून दिली: ३ सप्टेंबर ११८९, पहिल्या रिचर्डचा राज्याभिषेक. त्याच्या आधीपासून चालत आलेलं ते 'स्मरणापलीकडचं', त्याला कागद नको. दरम्यान मठांमध्ये काय चाललं होतं? जे हक्क पिढ्यान्‌पिढ्या आपलेच म्हणून ठाऊक होते त्यांच्या जुन्या सनदा नव्याने तयार करणं. त्याला आपण बनावट म्हणतो, आणि ती होतीच. पण लिहिणाऱ्याला बहुधा वाटत असेल की मी खरी गोष्ट कागदावर आणतोय. यावर एक स्वतंत्र प्रकरण निघेल.

वाचनाबद्दलचं तुझं टिपण चांगलं आहे, फक्त अशोक त्यात आण. धौली आणि जौगडच्या लेखांत तो सांगतो की हा लेख दर चार महिन्यांनी तिष्य नक्षत्राच्या दिवशी ऐकवला जावा, आणि मध्ये एकट्यालाही ऐकवला तरी चालेल. दगडावर कोरलेलं, पण ऐकण्यासाठी.

प्लेटोची ती इजिप्तच्या राजाची गोष्ट, लेखनाने विसराळूपणा वाढेल म्हणणारी, सुरुवातीला घालू नकोस. सगळेच घालतात. घालायचीच तर तिच्यातला दुसरा आक्षेप उचल: लिहिलेल्याला प्रश्न विचारला तर ते तेच तेच सांगतं. उलटतपासणी होत नाही अशा साक्षीदारावर विश्वास का ठेवायचा, हा तुझाच प्रश्न आहे.

आणि शेवटचं प्रकरण छापखान्यावर संपवू नकोस, कॅनडात आण. गित्क्सान आणि वेत्सुवेतेन या आदिवासी समाजांनी आपल्या जमिनीचा हक्क सांगताना पिढीजात कथनं आणि गाणी न्यायालयात पुरावा म्हणून मांडली. १९९१च्या निकालात त्यांना स्वतंत्र वजन मिळालं नाही. १९९७मध्ये, देल्गामूक्व खटल्यात, तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की अशा मौखिक इतिहासाला लेखी कागदपत्रांच्या बरोबरीचं स्थान द्यायला हवं, आणि नव्याने सुनावणीचा आदेश दिला. ते निकालपत्र आधी वाच, मग पहिलं प्रकरण लिहायला घे. न्यायाधीशांसमोर ऐकीव पुराव्याचा नियम नेमका कुठे आड येत होता, ते दोन पानांत मांडून मला पाठव. वेदपाठाच्या भागासाठी पुस्तकांवर थांबू नकोस. घनपाठाचं ध्वनिमुद्रण मिळव आणि पदपाठ समोर ठेवून ऐक.

तुझा,
एक जुना वाचक