'होती की नव्हती' आणि वास्तववादी

प्रश्न असा आलाय: रोमानियाचा दिग्दर्शक कॉर्नेलियू पोरुंबोयू याच्या चित्रपटांना 'वास्तववादी' म्हणावं की 'वास्तवदर्शी'?

'वस्तू'वरून 'वास्तव' हे शाळकरी पोरही सांगेल, ते सोडून देतो. 'यथार्थ' आणा म्हणणाऱ्यांनी तो हिंदीत सुखानं नांदू द्यावा. माझी चिडचिड वेगळीच आहे. चिखल, अपुरा उजेड आणि हातात थरथरणारा कॅमेरा दिसला की आमचे समीक्षक 'वास्तववादी'चा शिक्का मारून मोकळे! पोरुंबोयूच्या 2006 च्या पहिल्याच मोठ्या चित्रपटात (कान महोत्सवात त्याला 'कामेरा दोर', म्हणजे पदार्पणाच्या चित्रपटाचं पारितोषिक, मिळालं) स्थानिक वाहिनीचा सूत्रसंचालक कॅमेरावाल्या पोराला नेमका या थरथरीवरूनच झापतो.

त्या चित्रपटाचं मूळ नाव बघा: 'आ फोस्त साऊ ना फोस्त?' म्हणजे 'होती की नव्हती?' इंग्रजीत त्याचं '12:08, बुखारेस्टच्या पूर्वेला' अशा धर्तीचं काहीतरी करून ठेवलंय. कुणाला सुचलं कोण जाणे. 22 डिसेंबर 1989 ला 12 वाजून 8 मिनिटांनी रोमानियाचा हुकूमशहा चाउशेस्कू हेलिकॉप्टरमधून पळाला. त्याआधी गावच्या चौकात कुणी उतरलं असेल तर आपल्याकडेही क्रांती होती, नंतर उतरले असतील तर नुसता जल्लोष. स्टुडिओत तिघं एका टेबलामागे बसून यावर घोळ घालतात. इतिहासाचा मास्तर म्हणतो मी चौकात होतो, फोन करणारे म्हणतात तू गुत्त्यात होतास.

आता 'फोस्त'. तो लॅटिन 'फुई'च्या कुळातला. 'फुई' आणि संस्कृत 'भू' सख्खी भावंडं. 'भवति'चं प्राकृतात 'होइ' झालं, मराठीत 'होणे'. म्हणजे रोमानियन 'फोस्त' आणि आपला 'होता' एकाच मुळाचे! शिवाय 'ना फोस्त'मध्ये नकार क्रियापदाला पुढून चिकटतो, तसाच 'नव्हता'तही. या नावाचं भाषांतर 'क्रांती झाली का?' असं करणाऱ्यांना हे कुणीतरी सांगा. 'झाली' संस्कृत 'जात'कडून ('जन्' धातू) येते, तिचं घराणंच निराळं.

माझं तर मत आहे की हा माणूस पुढेही याच क्रियापदाभोवती फिरत राहिला. 2014 च्या चित्रपटात तो आणि त्याचे वडील 1988 चा स्टेआवा-दिनामो फुटबॉल सामना जुन्या टीव्ही चित्रफितीवर बघतात. वडील त्या सामन्याचे पंच. मैदानावर बर्फ. खेळाडूंची हमरीतुमरी झाली की प्रक्षेपणाचा कॅमेरा प्रेक्षकांकडे वळायचा. म्हणजे भांडण नव्हतंच. आणि 2009 चा तो पोलिसाचा: चरस ओढणाऱ्या पोराला अटक करायला सदसद्विवेकबुद्धी तयार नाही म्हणणाऱ्या पोलिसाला साहेब शब्दकोश मागवून 'विवेक', 'कायदा', 'पोलीस' हे शब्द मोठ्यानं वाचायला लावतो. साहेब आवाजही चढवत नाही. याला 'संथ' म्हणणाऱ्यांनी तो प्रसंग डोळे उघडे ठेवून पाहिलेला नाही.

हां, 'वास्तवदर्शी' म्हणा. वाद त्याची पात्रं घालतात.