ओझूच्या मूकपटाला आवाज नाही, म्हणजे फाइल बिघडलेली नाही

तुमचा प्रश्न असा: जपानी दिग्दर्शक यासुजिरो ओझूचा १९३२ चा ‘उमारेते वा मिता केरेदो’ (साधारण अर्थ ‘जन्मलो खरे, पण…’) लावला, तर आवाजच नाही, आणि पोरांच्या खोड्यांपलीकडे काही घडतही नाही.

आवाजाचं आधी. त्याच वर्षी आपल्याकडे ‘अयोध्येचा राजा’ बोलू लागला होता, पण ओझूचा पहिला बोलका कथापट १९३६ चा. जपानी थिएटरात पडद्याशेजारी ‘बेनशी’ उभा असे. सगळ्या पात्रांचे संवाद तोच म्हणायचा, सोबत वादक असत. त्यामुळे मूळ फिल्मवर ध्वनी नाहीच. काही आवृत्त्यांत पियानो आहे, तो नंतर जोडलेला. मधे येणाऱ्या मजकुराच्या पाट्या जपानीत असतात, म्हणून सबटायटल आहेत ना ते आधी बघा. माणसं तुरुतुरु चालताना दिसली, तर वेग ०.९ करून पाहा.

आता खोड्या. त्या नीट बघा, सगळा सिनेमा त्यांतच आहे. पोरांच्या टोळीत एक खेळ आहे: म्होरक्याने बोटांनी खूण केली की समोरच्याने मेल्यासारखं आडवं पडायचं, आणि त्याने परवानगी दिल्याशिवाय उठायचं नाही. रयोइची आणि केइजी हे भाऊ हळूहळू टोळीवर वचक बसवतात, त्यांच्या बापाच्या साहेबाचा मुलगा तारोसुद्धा त्यांच्यापुढे आडवा पडतो. ऑफिसात मात्र त्यांचा बाप तारोच्या बापापुढे वाकतो. शाळा आणि ऑफिस जोडणारा तो सरकता कॅमेरा चुकवू नका: टेबलामागून टेबल, प्रत्येक कारकून जांभई देतो. एक देत नाही, तर कॅमेरा मागे येतो आणि त्याच्याकडूनही जांभई वसूल करतो. (ओझूचा कॅमेरा पुढे फारसा हललाच नाही, म्हणून हे आणखी मजेशीर.)

गाठ बसते ती साहेबाच्या घरी, हौशी फिल्म दाखवतात तेव्हा. पडद्यावर बाप माकडचेष्टा करतो, सगळे हसतात, आणि भावांचे चेहरे उतरतात. घरी भांडण होतं: साहेब पगार देतो म्हणून तुम्ही जेवता, असं बाप म्हणतो. मग आम्ही जेवणारच नाही, असं पोरं. रागावलेला बाप रयोइचीला चोपतो आणि रात्री झोपलेल्या मुलांकडे बघत राहतो. ओझू इथे कोणालाच खलनायक करत नाही, साहेबालाही नाही.

उपोषण दुसऱ्या दिवशी भाताच्या गोळ्यांवर मोडतं. रेल्वे फाटकापाशी साहेबाची मोटार उभी असते, बाप घुटमळतो, आणि जाऊन नमस्कार करा असं त्याला सांगतो तो त्याचा मुलगाच.