नीट तिसऱ्यांदा? आधी मुलीशी बोला

सोलापूरच्या एका वडिलांचं पत्र थोडक्यात असं: मुलगी दोनदा नीटला बसली, मार्क कमी पडले. तिसऱ्यांदा बसवायचं घरच्यांनी ठरवलंय. ती म्हणते, मोबाईलवरच्या अफवा कशा पसरतात याचा अभ्यास करायचाय. त्यातच तिने भावकीच्या ग्रुपवर थोरल्या काकांचा मेसेज खोटा असल्याचं लिहिलं. वडिलांनी तिचा मोबाईल काढून घेतला, आणि असे मेसेज ती ज्या वहीत उतरवायची, ती वहीसुद्धा.

नमस्कार.

मार्कांचं नंतर बोलू. ‘हल्ली ती घरात कोणाशी बोलत नाही,’ हे आपण अगदी शेवटी, जाता जाता लिहिलंय. मला तेच सगळ्यात गंभीर वाटलं. चारचौघांत भावाचा पाणउतारा झाला, याचा आपल्याला राग आहे. त्या रागात नीटचा फॉर्म भरू नका. काकांना तिने वेगळा फोन करायला हवा होता, मान्य. पण मेसेज खोटाच होता, हे आपणही कबूल करता. मग शिक्षा कशाची? वहीत मेसेज कधी आला, कोणी पुढे पाठवला, त्यावर दुहेरी बाणाची खूण (म्हणजे तो अनेकदा फॉरवर्ड झालेला) होती का, असे रकाने आहेत म्हणता. अहो, कोणी न शिकवता मुलगी संशोधनाच्या पहिल्या पायरीवर उभी आहे! वही आजच परत द्या.

‘यातून काय साधणार,’ असं विचारता. १ जुलै २०१८ ला धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात, मुलं पळवणारी टोळी समजून जमावाने पाच जणांना ठार मारलं. भिक्षा मागत फिरणारे डवरी गोसावी होते ते, त्यातले बहुतेक जण आपल्या मंगळवेढा तालुक्यातले. त्या अफवा व्हॉट्सॲपवरून फिरत होत्या.

‘हे कॉम्प्युटरवाल्यांचं काम, बायोलॉजीच्या मुलीला काय जमणार,’ हा मात्र गैरसमज आहे. व्हॉट्सॲपचे मेसेज एन्क्रिप्टेड असतात, बाहेरच्या कुठल्या प्रोग्रॅमला ते वाचता येत नाहीत. माणसांकडे जाऊनच विचारावं लागतं. एमआयटीच्या संशोधकांनी २०१८ मध्ये ट्विटरवरच्या बातम्या तपासल्या. खोटी बातमी खरीपेक्षा वेगाने पसरते, आणि त्याचं मुख्य कारण बॉट, म्हणजे आपोआप चालणारी खाती, नसून माणसं आहेत, असं त्यांना दिसलं. म्हणजे माणूस समजून घेणारा अभ्यासक हवा. सोलापुरात तर एकच अफवा मराठी, कन्नड, तेलुगू, उर्दू बोलणाऱ्या घरांत कशी फिरते, हे पाहता येईल. अभ्यासाला याहून चांगलं गाव कुठलं?

नोकऱ्या मोजक्या आहेत, हे तिलाही स्पष्ट सांगा: फॅक्ट-चेकिंग, संशोधन संस्था, समाजमाध्यम कंपन्या, आरोग्य जनजागृती. डॉक्टरकीइतका पैसा नाही. ‘अफवांचा अभ्यास’ अशा नावाची पदवी शोधत बसू नका. सोलापुरातच मानसशास्त्र किंवा समाजशास्त्र घेऊन बी.ए. करता येईल, पुढे टिससारख्या (टाटा समाजविज्ञान संस्था) संस्थेत एम.ए.साठी सीयूईटी-पीजी ही प्रवेश परीक्षा. विषय कुठलाही घेऊ दे, संख्याशास्त्र मात्र सोडू देऊ नका. त्याशिवाय या क्षेत्रात निभाव लागणार नाही.