विश्व आजारी पडलं तर आधी कोणतं घड्याळ चुकेल?

प्रश्न : दिवाळी अंकासाठी विज्ञानकथा लिहिते आहे. तिच्यात विश्वालाच एक आजार जडतो. आधी घड्याळं चुकायला लागतात, मग रंग बदलतात आणि शेवटी आभाळाला भेगा पडून वस्तू विरून जातात. संपादकांनी ‘शास्त्राचा आधार हवा’ म्हणून कथा परत पाठवली. आहे का काही आधार?
– एक वाचक, बार्शी

उत्तर : आहे. पहिल्या दोन लक्षणांना तर चांगलाच आहे. तिसऱ्यावर मात्र मी कात्री चालवणार.

आजाराचं मूळ हिग्ज क्षेत्रात ठेवा. 4 जुलै 2012 रोजी सर्नने, म्हणजे युरोपातल्या कणभौतिकीच्या प्रयोगशाळेने, ज्या कणाची घोषणा केली, तो या क्षेत्राचा पुरावा. अगदी रिकाम्या जागेतही हे क्षेत्र असतं आणि इलेक्ट्रॉनला वस्तुमान मिळतं ते त्याच्यामुळे. कथेपुरता फक्त इलेक्ट्रॉनच आजारी पाडा. प्रोटॉन-न्यूट्रॉन ज्यांचे बनतात त्या क्वार्कांना हात लावलात तर अणूकेंद्रांचीच घडी विस्कटेल आणि कथा दुसऱ्या पानावर आटोपेल.

समजा, काही महिन्यांत इलेक्ट्रॉन 10 टक्क्यांनी जड झाला. अणू त्याच प्रमाणात आवळले जातील. पण मोजपट्टीही अणूंचीच बनलेली, तीही आखडणार. म्हणजे मोजून काही कळायचं नाही. वजनकाटाही गप्प राहील. 60 किलोच्या माणसात इलेक्ट्रॉनांचा वाटा जेमतेम 18 ग्रॅमचा, तो वाढून वाढून किती वाढणार? दोन ग्रॅमसुद्धा नाही.

दिसेल ते दिव्यात. रस्त्यावरच्या जुन्या सोडियमच्या दिव्यांचा पिवळा प्रकाश 589 नॅनोमीटरचा. इलेक्ट्रॉन एवढा जड झाला की तो 535 च्या आसपास येईल, म्हणजे चक्क हिरवा. बार्शीच्या एखाद्या जुन्या रस्त्यावर असा दिवा अजून शिल्लक असेल तर नायिकेला संध्याकाळी तिथे उभी करा. एलईडीच्या पांढऱ्या उजेडात ही गंमत इतकी स्वच्छ येणार नाही.

घड्याळांचा प्रसंग मात्र तुम्ही वाया घालवला आहे. सगळी घड्याळं सारखीच चुकली तर कुणाच्या लक्षात येणार? खरी मेख अशी की ती वेगवेगळी चुकतील. प्रकाशाच्या कंपनांवर चालणारं अणुघड्याळ 10 टक्के पुढे जाईल, मनगटावरचं क्वार्ट्झचं साधारण 15 टक्के आणि सीझियमचं 21 टक्के. दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिकी प्रयोगशाळेत देशाची प्रमाणवेळ सीझियमच्या घड्याळांवर राखली जाते. आजाराचं निदान तिथे होऊ द्या, तेही एक टक्का बिघडायच्या कितीतरी आधी. प्रयोगशाळांमध्ये अशी दोन जातींची घड्याळं शेजारी ठेवून खरोखरच ही तपासणी चालते. अजून तरी विश्वाची नाडी ठीक आहे.

संपादक आणखी अडले तर त्यांच्यापुढे ओक्लो ठेवा. आफ्रिकेतल्या गॅबॉनमधल्या या खाणीच्या युरेनियममध्ये 235 हे समस्थानिक नेहमीच्या 0.72 टक्क्यांऐवजी 0.717 टक्के भरलं. 1972 साली फ्रान्समधल्या कारखान्यात कुणीतरी एवढाही फरक सोडला नाही, हे मला फार आवडतं. शोध घेतल्यावर कळलं की सुमारे दोन अब्ज वर्षांपूर्वी त्या खडकात आपोआप अणुभट्टी पेटली होती. तिच्या राखेतल्या सॅमेरियम या मूलद्रव्यावरून हिशेब मांडला तेव्हा दिसलं, की तेव्हापासून आजवर विद्युतबलाचा जोर बदलला असलाच तर फार तर कोटीत एखाद-दुसऱ्या भागाने. तुमच्या कथेतल्या डॉक्टरला जुना केसपेपर हवाच असेल, तर तो हा.

आता भेगा. भौतिकशास्त्रज्ञ सिडनी कोलमन यांनी 1977 मध्ये मांडलं, की आपलं निर्वात, म्हणजे रिकामी जागा, हे खरं तळाचं नसून मधल्याच एका पायरीवर अडकलेलं असू शकतं. फ्रीजरमधलं स्वच्छ पाणी कधीकधी शून्याखाली जाऊनही गोठत नाही आणि बाटलीला टिचकी मारली की क्षणात बर्फ होतं, तसं. कुठेतरी एक बुडबुडा उठेल, त्याच्या आत भौतिकीचे नियमच वेगळे असतील, आणि तो जवळजवळ प्रकाशाच्या वेगाने पसरेल. म्हणून तर भेगा दिसायच्या नाहीत! त्या दाखवणारा प्रकाश आणि बुडबुड्याची भिंत जवळपास एकत्रच पोचणार. घाबरलेली गर्दी, टीव्हीवरचे तज्ज्ञ, शेवटची मिठी, यातलं काहीच नाही. हिग्ज आणि टॉप क्वार्कच्या मोजलेल्या वस्तुमानांवरून असा प्रसंग यायला किती वर्षं लागतील ते काढलं, तर एकावर शंभरापेक्षा जास्त शून्यं येतात. विश्वाचं आजचं वय आहे 13.8 अब्ज.

तेव्हा दोन्ही आजार एका कथेत कोंबू नका. माझं मत विचाराल तर हळूहळू चढणाराच घ्या.

प्रश्न : सर्नच्या कण आदळवणाऱ्या यंत्रामुळे असाच बुडबुडा उठेल, असा व्हिडिओ बघून माझा नववीतला मुलगा झोपेनासा झाला आहे. त्याला काय सांगू?
– एक पालक, चिपळूण

उत्तर : हीच हूल सप्टेंबर 2008 मध्ये, यंत्र सुरू होताना, आपल्या वाहिन्यांनी दिवसरात्र उठवली होती. मुलाला ‘काही होत नाही, झोप’ म्हणू नका. नववीतल्या मुलाला हिशेब कळतो. 1991 मध्ये अमेरिकेतल्या युटामध्ये एका विश्वकिरणाची, म्हणजे अवकाशातून आलेल्या वेगवान कणाची, नोंद झाली. त्या एकाच कणात सुमारे 50 ज्यूल ऊर्जा होती. असा कण हवेतल्या अणूकेंद्राच्या एका प्रोटॉनवर आदळला, तर टकरीला जी ऊर्जा मिळते ती सर्नच्या टकरीच्या पन्नासपटीहून जास्त भरते. असे कण विरळा, पण सर्नच्या तोडीचे विश्वकिरण पृथ्वीवर आणि चंद्रावर साडेचार अब्ज वर्षं आदळत आले आहेत. पिट हट आणि मार्टिन रीस या खगोलशास्त्रज्ञांनी 1983 मध्ये याच मुद्द्यावर निर्धास्त राहायला सांगितलं होतं. पन्नासपटीचा आकडा त्याला स्वतःला काढू द्या. दोनदा ऊर्जा, गुणिले प्रोटॉनची स्थिर ऊर्जा, आणि वर्गमूळ. वर्गमूळ अडलं तर गणिताच्या बाईंना विचारू दे.