जपानमधल्या ओबासुते स्टेशनात गाडी उलटी का जाते? मुद्दाम तिथे उतरण्यासारखं काही आहे का?

कारण एका ओळीत सांगता येतं. १९०० सालच्या वाफेच्या इंजिनाला चढावर थांबलेली जड गाडी पुन्हा हलवणं जमत नसे. स्टेशनाची विचित्र रचना आणि तिथून दिसणारा देखावा, दोन्ही त्यातूनच आलं.

ओबासुते हे नागानो प्रांतातल्या चिकुमा शहराच्या हद्दीतलं छोटं स्टेशन, समुद्रसपाटीपासून ५५१ मीटरवर. शिनोनोई मार्गावर ते १ नोव्हेंबर १९०० रोजी सुरू झालं. आजची इमारत १९३४ची आहे. नागानो शहराकडून येताना आधीचं इनारियामा स्टेशन सोडलं की गाडी डोंगराच्या अंगाने चढायला लागते. चढ हजार मीटरला २५ मीटर, म्हणजे चाळीसास एक. ओबासुतेच्या पुढे २,६५६ मीटरचा कामुरिकी बोगदा आहे आणि त्यातही चढच. कोळशाच्या धुराने भरलेल्या त्या बोगद्यात इंजिनावरच्या माणसांचे काय हाल होत असतील याची कल्पना करा. हा मार्ग विजेवर आला तो १९७३मध्ये.

चालत्या गाडीला आधीचा वेग मदत करतो. थांबलेली गाडी हलवायची तर सगळा भार इंजिनाच्या चाकांच्या रुळावरच्या पकडीवर येतो. रूळ ओले असले की चाकं जागच्या जागी गरगर फिरतात आणि गाडी हलत नाही. म्हणून फलाट सपाटच हवा. त्यासाठी डोंगराच्या कडेने एक आडवी, सपाट लाईन टाकली आणि चढती मुख्य लाईन तिला मधेच छेदून जाऊ दिली. नकाशावर लांबट फुली दिसते. सपाट लाईनच्या नागानोकडच्या टोकाला फलाट आहेत, चढाच्या दिशेचं, मात्सुमोतो शहराकडचं टोक बंद आहे.

आता गाडी कशी फिरते ते बघा. मात्सुमोतोहून उतरणारी लोकल सांध्यावरून सरळ फलाटाला लागते. निघताना ती मागे मागे बंद टोकापर्यंत जाते, सांधा बदलतो आणि मग ती पुढे उतारावर सुटते. नागानोहून चढणारी लोकल याच्या उलट करते. ती फलाटाच्या खालच्या अंगाने मुख्य लाईनवरून पुढे निघून जाते, बंद टोकात थांबते, मागे येऊन फलाटाला लागते आणि निघताना सरळ वर जाते. स्टेशन मागे पडलं म्हणून नवखे प्रवासी इथे घाबरतात. गाडी मागे घेताना चालक दुसऱ्या टोकाला जात नाही, खिडकीतून मागे बघत सावकाश चालवतो.

खंडाळ्याजवळच्या जुन्या रिव्हर्सिंग स्टेशनाशी याची तुलना बरेच जण करतात. भोर घाटातला तो मार्ग १८६३चा, चढ सदतिसास एक. पण तिथे मुख्य मार्गच त्या स्टेशनात उलटा वळत होता, त्यामुळे प्रत्येक गाडीला दिशा बदलावी लागे. म्हणूनच तो नकोसा झाला आणि १९२९मध्ये नवा मार्ग काढून ते स्टेशन वगळलं. ओबासुतेला न थांबणाऱ्या गाड्या फुलीतून सरळ जातात, मागे-पुढे फक्त थांबणाऱ्या गाड्यांचं. माझ्या मते ही रचना टिकली ती प्रामुख्याने यामुळेच. आजच्या विजेच्या गाड्या चढावरूनही सहज निघतात. जपानमध्येच ओऊ मार्गावरच्या इताया घाटातल्या चार स्टेशनांची अशी रचना १९९०मध्ये मोडली आणि फलाट चढत्या मुख्य लाईनवर नेले.

मुद्दाम उतरावं का? नक्की उतरा. फलाटावरून झेंकोजी नावाचा सपाट प्रदेश आणि चिकुमा नदी सुमारे २०० मीटर खाली पसरलेली दिसते. फलाटावरचे बाकसुद्धा रुळांकडे पाठ करून, दरीकडे तोंड करून ठेवलेले आहेत. रेल्वेच्या खिडकीतून दिसणारे जपानमधले तीन मोठे देखावे म्हणून जी नावं घेतात त्यातलं हे एक. बाकी दोनांपैकी होक्काइदोतला कारिकाची घाटाचा जुना मार्ग १९६६मध्ये बदलला, आणि क्युशूतल्या याताकेच्या मार्गावर जुलै २०२०च्या पुरापासून गाड्या बंद आहेत. नेहमीच्या लोकलमधून बघायला उरलं ते ओबासुतेच.

बसायचं कुठे? नागानोहून येताना डावीकडे, मात्सुमोतोहून येताना उजवीकडे. नागोया-नागानो धावणारी शिनानो एक्स्प्रेस इथे थांबत नाही, तेव्हा लोकलच धरा. नागानोहून साधारण अर्धा तास. वाटेत इनारियामानंतर कुवानोहारा नावाची अशीच मागे-पुढे करायची जागा लागते. ती फक्त गाड्यांच्या क्रॉसिंगसाठी आहे, तिथे उतरता येत नाही. तुमच्या गाडीला क्रॉसिंग असेल तर हा खेळ एका प्रवासात दोनदा बघायला मिळेल.

स्टेशनाखालची भातखाचरं पायी जाण्याच्या अंतरावर आहेत. १९९९मध्ये त्यांना राष्ट्रीय निसर्गस्थळाचा दर्जा मिळाला. लावणीच्या आगेमागे, मे अखेर ते जून, खाचरांत पाणी असतं तेव्हा जा. जाताना उतार, येताना चढ, त्यामुळे परतीला जास्त वेळ धरा. स्टेशनावर कर्मचारी नसतात, खाणंपिणं बरोबर न्या. मुख्य म्हणजे उतरल्या उतरल्या परतीच्या गाडीची वेळ बघून ठेवा. लोकल फार नाहीत, एक चुकली तर पुढच्या गाडीसाठी तासभर किंवा जास्तही बसावं लागतं.