१९१२ची वर्ल्ड सिरीज (अमेरिकन बेसबॉलची वार्षिक अंतिम मालिका) न्यूयॉर्क जायंट्स फक्त स्नॉडग्रासने कॅच सोडला म्हणून हरले, हे खरं आहे का? आणि जुन्या वर्ल्ड सिरीजबद्दल वाचायला सुरुवात कुठून करावी?

नाही. ज्यांनी तुम्हाला असं सांगितलं त्यांनी त्या मॅचची दहावी इनिंग ओळीने वाचलेली नाही, हे छातीठोकपणे सांगतो.

१६ ऑक्टोबर १९१२, बॉस्टनचं फेनवे पार्क, जायंट्स विरुद्ध बॉस्टन मालिकेतली आठवी मॅच. (सातात निकाल लागायचा, पण दुसरी मॅच ११ इनिंग होऊनही ६-६ अशी अडली आणि अंधार पडला, म्हणून ही आठवी.) एका इनिंगमध्ये दोन्ही संघ आळीपाळीने तीन-तीन गडी बाद होईपर्यंत खेळतात, अशा नऊ; बरोबरी असेल तर पुढे चालू. नऊ इनिंगनंतर १-१. दहाव्या इनिंगमध्ये जायंट्सच्या मरीने डबल (दुसऱ्या बेसपर्यंत नेणारा फटका) मारला, मर्कलच्या फटक्यावर तो सगळे बेस फिरून घरी आला, म्हणजे एक धाव, २-१. आता बॉस्टनचे तीन गडी काढले की विषय संपला, आणि चेंडू होता जायंट्सचा पिचर (चेंडू टाकणारा), साक्षात ख्रिस्टी मॅथ्यूसनच्या हातात.

पहिला आला एंगल, पिचर वुडच्या जागी. सेंटर फील्डला साधा उंच फटका. फ्रेड स्नॉडग्रास चेंडूखाली येऊन उभा राहिला, चेंडू हातात आला आणि सुटला. एंगल दुसऱ्या बेसवर. गोष्ट इथपर्यंत सगळ्यांना पाठ असते.

पुढचा फटका बघा. हूपरने सेंटरलाच खोल, सणसणीत मारला आणि याच स्नॉडग्रासने धावत जाऊन तो उचलला. सुटलेल्यापेक्षा कितीतरी अवघड कॅच! मग मॅथ्यूसनने यर्क्सला वॉक दिला (चार चेंडू बाहेर पडले की बॅटरला पहिला बेस फुकट). त्या मोसमात ३१० इनिंगमध्ये अवघे ३४ वॉक देणारा माणूस, आणि नेमका तेव्हा दिला. मग स्पीकर. त्याचा पहिल्या बेसजवळ वर गेलेला फाऊल (रेषेबाहेरचा फटका, पण झेलला तर बाद) म्हणजे हातात ठेवलेला लाडू. पहिल्या बेसवर मर्कल, पिचर मॅथ्यूसन, पाठीमागून पळत आलेला कॅचर (आपल्याकडचा कीपर) मायर्स, तिघं तिथे. सगळ्यात जवळ मर्कल होता, पण मॅथ्यूसनने नाव पुकारलं मायर्सचं, असं सांगतात. चेंडू तिघांच्या मध्ये जमिनीवर. जीवदान मिळालेल्या स्पीकरने सिंगल (एका बेसचा फटका) मारला, एंगल घरी, २-२. लुईसला मुद्दाम वॉक दिला, गार्डनरने उजवीकडे खोल उडवला, कॅच झाला, पण त्यानंतर पळत यर्क्स घरी पोचला, आणि ती धाव धरतात. ३-२, बॉस्टन जिंकलं.

यात स्नॉडग्रासचा एक चेंडू. बाकीचे मोजा तुम्ही.

पण पेपरवाल्यांना एक माणूस लागतो. जिंकणाऱ्या आणि हरणाऱ्या संघांना मिळालेल्या पैशांतला फरक काढून त्यांनी त्याला ‘३० हजार डॉलरचा सुटलेला कॅच’ म्हणून टाकलं. जिंकणाऱ्यांना माणशी ४ हजारांच्या वर मिळाले, हरणाऱ्यांना अडीच हजारांच्या वर. स्नॉडग्रास पुढे कॅलिफोर्नियात बँकेत होता, ऑक्सनार्ड गावाचा महापौर झाला, शेतीवाडी केली. १९७४ मध्ये, ८६ व्या वर्षी वारला, तर न्यूयॉर्क टाइम्सने मृत्युलेखाच्या मथळ्यातच तो १९१२चा कॅच घातला. बासष्ट वर्षांनी!

माझं डोकं इथेच फिरतं, कारण आमच्या घरी एक स्नॉडग्रास आहे. माझा धाकटा भाऊ.

सांगली भागात आमच्या लहानपणी टेनिस बॉलच्या स्पर्धा व्हायच्या, आठ-आठ ओव्हरच्या. मी खेळायला बेताचाच, त्यामुळे स्कोअरला बसायचो. एका फायनलला समोरच्यांना शेवटच्या ओव्हरला १० हव्या होत्या. आमच्या कॅप्टननी ओव्हर स्वतःकडे घेतली. दुसऱ्या कुणाला देण्याचा प्रश्नच नव्हता, कारण चेंडूही त्यांचा आणि बॅटही त्यांची. हे कॅप्टन पुढे माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान झाले, म्हणून आता त्यांना दाजी म्हणावं लागतं.

पहिला चेंडू लाँगऑनला उंच. भाऊ खाली, ऊन थेट डोळ्यांत, कॅच सुटला. दोन धावा. राहिल्या ८. पुढच्या चेंडूवर त्याच बॅट्समनने परत तिकडेच मारला, एक काढली, दुसरीला पळाला आणि माझ्या भावाने थेट स्टंप उडवला. रनआउट. म्हणजे ज्याला जीवदान दिलं तो पुढच्याच चेंडूवर बाद! हे कुणालाच आठवत नाही. राहिल्या ७, चार चेंडूंत.

मग दाजींनी वाइड टाकला. त्यानंतर लेगला इतका बाहेरचा वाइड, की कीपरला सापडला नाही आणि वाइडसकट दोन गेल्या. राहिल्या ४. मग मिडविकेटला ढकललेला चेंडू दाजींनी स्वतः धावत जाऊन उचलला आणि नॉनस्ट्रायकरच्या टोकाला फेकला. तिथे आमचं कुणीच नव्हतं. एक पळून काढलेली आणि ओव्हरथ्रोच्या चार अशा पाच. मॅच संपली, तीन चेंडू शिल्लक ठेवून. कॅचच्या दोन, आणि दाजींच्या हातून सात. ती वही अजून माझ्या ट्रंकेत आहे, निळ्या शाईतली. कुणीही येऊन बघावी.

तरीही तेव्हापासून प्रत्येक लग्नात, बारशात, पंगतीत वाढणारा माझ्या भावापाशी आला की दाजी ओरडतात, “अरे, त्याच्या हातात देऊ नका, सोडेल तो!” सगळे हसतात. एकदा गणपतीत मी वही काढून दाखवली, तर म्हणाले, “तू कारकून आहेस, तुला मॅच काय कळणार?” बहिणीने मला खुणेनं गप्प बसवलं. तो हिशेब अजून व्हायचाय.

जायंट्सचा मॅनेजर जॉन मॅग्रॉ काही फार गोड माणूस नव्हता. पंचांशी भांडणं, शिव्या, सगळं करायचा. पण त्याने स्नॉडग्रासला दोष दिला नाही, उलट पुढच्या वर्षी पगार वाढवला. त्याआधी हेच मर्कलबाबत. १९०८ मध्ये शिकागोविरुद्ध विजयी धावेच्या वेळी दुसऱ्या बेसला पाय न लावता मर्कल माघारी फिरला, त्यामुळे ती धाव रद्द झाली, आणि १९ वर्षांच्या त्या पोराला देशभर मूर्ख ठरवलं. मॅग्रॉने त्याला काढलं नाही. १९१२च्या त्या दहाव्या इनिंगमध्ये जायंट्सला आघाडी मिळवून देणारा फटका त्याच मर्कलचा. खरा कॅप्टन हरल्यावर पोराच्या पुढे उभा राहतो. आमचे पंगतीत उभे राहतात.

आता दुसरी बाजू. एंगलचा कॅच सोपा होता, हे मान्य. तो घेतला असता तर इनिंगचं चित्र वेगळं दिसलं असतं. शिवाय बॉस्टन काही ऐरागैरा संघ नव्हता, त्या मोसमात १०५ मॅच जिंकलेले. पिचर वुडने एकट्याने ३४. मालिका त्यांनी फुकटात नेली असं मी म्हणत नाही. पाचव्या इनिंगमध्ये हूपरने जायंट्सच्या डॉयलचा फटका प्रेक्षकांत पडता पडता पकडला नसता, तर दहावी इनिंग आलीच नसती. आणि भावाचं म्हणाल तर त्याला स्वतःला फारसं काही वाटत नाही, तोही हसतो. लागतं ते मला.

सुरुवात कुठून करावी? सगळे १९१९पासून करतात, कारण त्यात लाच आहे, कोर्ट आहे. तुम्ही ते करू नका. ही १९१२चीच घ्या आणि लेख वाचण्याआधी आठही मॅचचे स्कोअर वाचा, चेंडू कुठे गेला आणि कुणी फेकला ते बघत. सातवी मॅच सोडू नका. बॉस्टनच्या कट्टर पाठीराख्यांच्या नेहमीच्या जागा भलत्यांनाच विकल्या होत्या, ते मैदानात घुसले, घोड्यावरच्या पोलिसांनी त्यांना हटवलं. तोवर वुडचा हात थंड पडला आणि पहिल्याच इनिंगमध्ये सहा धावा गेल्या. चिडलेले पाठीराखे आठव्या मॅचला फिरकले नाहीत, मैदान निम्मं रिकामं होतं. मग १९०३ची पहिली मालिका वाचा, बॉस्टन आणि पिट्सबर्गची.

वाचून झाल्यावर ज्याने तुम्हाला स्नॉडग्रासचं नाव सांगितलं त्याला एवढंच विचारा, स्पीकरचा फाऊल कुणाचा होता? आमचे दाजी ओव्हरथ्रोचं विचारलं की विषय बदलून भाताला तूप मागतात.