शाब्दिक उदाहरण समीकरण न मांडता शेवटाकडून कसे सोडवायचे? मी उलट क्रिया करतो, तरी उत्तर चुकते.

तुम्ही चिन्हे उलटवता, पण क्रमही उलटवता का, हे आधी तपासा. एक उदाहरण घेऊ. एका संख्येची दुप्पट करून ७ मिळवले, आलेल्या बेरजेला ३ ने भागले, भागाकारातून ४ वजा केले, तर ५ उरले. क्रिया ज्या क्रमाने घडल्या त्याच क्रमाने एका ओळीत लिहा:

? → ×२ → +७ → ÷३ → −४ → ५

आता उजवीकडून डावीकडे या: ५ + ४ = ९, ९ × ३ = २७, २७ − ७ = २०, २० ÷ २ = १०. पडताळा सुलट दिशेने घ्या: १०, २०, २७, ९, ५. चिन्हे उलटवली पण डावीकडूनच सुरुवात केली, तर उत्तर −९.५ येते. ५ हा आकडा ४ वजा केल्यावर मिळाला आहे, म्हणून आधी ते ४ परत द्यायचे.

खरी गफलत अपूर्णांकांत होते. टाकीतले १/३ पाणी काढले, मग उरलेल्याचे १/४ काढले, आता ३० लिटर आहे. इथे पुष्कळ जण ३० चा १/४, म्हणजे ७.५, परत मिळवतात. पण तो १/४ भाग ३० चा नव्हता, काढण्याआधी जेवढे होते त्याचा होता. ३० लिटर म्हणजे त्या पाण्याचे ३/४, म्हणून आधी ४० होते. ४० म्हणजे मूळ पाण्याचे २/३, म्हणून सुरुवातीला ६० लिटर.

यासाठी भास्कराचार्यांनी ‘लीलावती’त दिलेला नियम मला फार आवडतो: भाग कमी केला असेल तर हरातून (म्हणजे छेदातून) अंश वजा करून नवा हर घ्या आणि तेवढा भाग मिळवा. १/४ काढला, तर उरलेल्याचा १/३ मिळवा (३० + १०). १/३ काढला, तर १/२ मिळवा (४० + २०). वाढ झाली असेल तर हरात अंश मिळवायचा आणि तो भाग वजा करायचा. २० टक्के म्हणजे १/५ वाढ होऊन १२० झाले असतील, तर १२० चा १/६ वजा करा, १०० मिळतात. १२० चे २० टक्के वजा केले तर ९६ येतात, आणि ते चूक आहे.

‘२० मधून ती संख्या वजा केली, ८ उरले’ अशी वाक्येही फसवतात. इथे ८ मध्ये २० मिळवायचे नाहीत. पुन्हा २० मधूनच ८ वजा करायचे, उत्तर १२.

मात्र अज्ञात संख्या दोनदा वापरली गेली की ही रीत थेट चालत नाही. टाकीतून दुसऱ्यांदा ‘उरलेल्याचे’ नव्हे तर ‘मूळ पाण्याचे’ १/४ काढले असते, तर ३० वरून एकेक पायरी मागे जाता आली नसती. १/३ आणि १/४ मिळून ७/१२ गेले, उरलेले ५/१२ म्हणजे ३०, म्हणून मूळ पाणी ७२ लिटर. तसेच ‘एका संख्येची तिप्पट तिच्यापेक्षा १४ ने जास्त आहे’ यात सरळ ३क्ष = क्ष + १४ मांडा. दोन्ही बाजूंतून क्ष वजा केला की २क्ष = १४ उरते, आणि तिथून पुढे पुन्हा उलटे जाता येते: १४ ÷ २ = ७.